लगाम ज्याच्या हातात, थांबायचं त्याने: पोनी प्लेमधला भरवसा आणि दमछाक

उत्तराला उशीर झाला, वरातीमागून घोडं म्हणा हवं तर. या विषयात घोड्याच्या म्हणी आपोआप तोंडात येतात, सवय करून घ्या.

आधी तुमचा प्रश्न थोडक्यात मांडते म्हणजे बाकी वाचणाऱ्यांनाही कळेल. तुम्ही खारघरचं जोडपं, दोघं तिशीतले, ती ५४ किलोची आणि तुम्ही ८२ चे. तिने वर्षभरात दोन-तीनदा पोनी प्लेचा (म्हणजे एकाने घोडा व्हायचं, दुसऱ्याने त्याला चालवायचं, असा मोठ्यांचा खेळ) विषय काढला, तुम्ही हसण्यावारी नेलात, आता तुम्हालाही करून बघायचंय पण पोटात गोळा येतो. तुम्हाला हवंय ते असं, की तिच्या पाठीवर बसता येईल का, छोटी गाडी ओढायला लावता येईल का, तोंडात लगाम असताना तिला नको झालं तर तुम्हाला कळणार कसं, आणि हे सगळं नवव्या मजल्यावरच्या टू बीएचकेत जमेल का. शेवटी हळूच विचारलंत की आपण विकृत तर नाही ना.

मी कोण ते सांगते. राहते घोडबंदर रोडला (जिथे पूर्वी घोड्यांचा व्यापार चालायचा त्या बंदराचं नाव लावलेल्या रस्त्यावर मी राहते, हे नवऱ्याला अजूनही भयंकर विनोदी वाटतं), पेशाने फिटनेस ट्रेनर, वय ४६. २०१४ पासून आम्ही हे करतो, नवरा पोनी आणि मी हँडलर. मी स्वतःला मोतद्दार म्हणते, कारण खरं काम तेच आहे, चाबूक फिरवायचं कमी आणि पट्टे तपासायचं, पाणी पाजायचं, खरारा करायचं जास्त. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, यात एक सज्ञान माणूस घोडा होतो, दुसरा त्याला चालवतो, शिकवतो, सांभाळतो. कोणाला दुडकी चाल आणि रुबाब आवडतो, कोणाला गाडी ओढायची मेहनत, कोणाला नुसतं डोकं शांत होणं, की आता पुढचा अर्धा तास मला काही ठरवायचं नाहीये. बऱ्याच लोकांसाठी यात सेक्स नसतोच, आमच्यात कधी असतो कधी नसतो, तो तुमचा प्रश्न.

विकृतीचं एका दमात उरकते. जागतिक आरोग्य संघटनेची आजारांची नवी यादी, आयसीडी ११, १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे आणि त्यात फेटिशिझम (एखाद्या वस्तूची लैंगिक ओढ) वगैरे जुनी निदानं काढून टाकलीत, सज्ञान माणसं राजीखुशीने जे करतात आणि ज्याने कोणाला फार त्रास किंवा मोठ्या इजेचा धोका नाही त्याला आजार म्हणत नाहीत. विषय संपला. इजेचा धोका मात्र नीट बघायचा, बाकीचं सगळं उत्तर त्यावरच आहे.

आता घोडं पेंड कुठे खातं ते सांगते. तुम्हाला वाटतंय की एकदा इशारा ठरवला की झालं, तिला नको असेल तर ती इशारा करेल. मलाही पाच वर्षं तसंच वाटत होतं.

२०१९ चा एप्रिल, मुरबाडच्या बाजूला भाड्याने घेतलेला बंगला, मागे हिरवळीचा तुकडा, चारी बाजूंनी उंच भिंत. सकाळी साडेदहा वाजले होते, आम्ही आठला सुरू करणार होतो पण ट्रॅफिक, नाश्ता, केअरटेकर काका "ताई, चहा ठेवू का" म्हणत दोनदा येऊन गेले (हार्नेस, म्हणजे अंगावरच्या पट्ट्यांचा साज, बघून त्यांना वाटलं आम्ही रॅपलिंगवाले, मी होला हो केलं). नवऱ्याच्या तोंडात बिट (लगामाची तोंडात धरायची आडवी दांडी), कमरेला पट्टा, मागे आमची दोन चाकांची गाडी आणि त्यात मी. इशारा ठरलेला होता, उजव्या मुठीत एक मोठं पितळी घुंगरू, ते खाली टाकलं की सगळं बंद. पाचव्या फेरीला त्याची पावलं आखूड झाली, मला वाटलं हिरवळ मऊ आहे म्हणून. मग त्याच्या दंडावर काटा आलेला दिसला, भर उन्हात, आणि मी बाई इतकी शहाणी की मला वाटलं रंगात आलाय, म्हटलं "शाब्बास, काय सुंदर चाललायस". सहाव्या फेरीच्या वळणावर डावा गुडघा वाकला आणि तो खाली बसला. बिट काढलं, सावलीत ओढलं, ओले टॉवेल मानेवर काखेत, टेबल फॅन बाहेर आणला, तो ओकला, मग हळूहळू ओआरएस. चाळीसेक मिनिटांनी माणसात आला. संध्याकाळी डॉक्टरांना दाखवलं तेव्हाही बीपी कमीच होतं.

आणि घुंगरू? ते मुठीतच होतं, इतकं आवळून धरलेलं की तळहातावर त्याची नक्षी उठली होती.

रात्री विचारलं, का नाही टाकलंस. म्हणाला, तू छान म्हणालीस ना, मग वाटलं एक राऊंड अजून.

बघा, हा माणूस कमजोर नाही, लाजाळू नाही, ऑफिसात लोकांना तोंडावर नाही म्हणतो. पण भूमिकेत बुडालेल्या माणसाला थांब म्हणायचं सुचतच नाही, आणि सुचलं तरी समोरच्याला खूश करायची ओढ जास्त असते. म्हणजे तो माझ्यावर जितका जास्त भरवसा टाकणार तितका त्याचा इशारा कमी कामाचा होणार. हे उलटं गणित लक्षात घ्या. थांबवायचं काम लगाम धरणाऱ्याचं, ओढणाऱ्याचं नाही.

त्यानंतर आम्ही पद्धत पालटली. घुंगरू आहेच, ते हवंच, पण आता मी दर दोन-तीन मिनिटांनी जिभेने दोनदा टक टक करते आणि त्याने एकदा पाय आपटून उत्तर द्यायचं. तीन सेकंदात पाय आपटला नाही तर थांबणार, का नाही आपटला ते नंतर विचारू. म्हणजे गप्प बसणं याचा अर्थ आमच्यात "नको" असा आहे, "चालू दे" असा नाही. दुसरं, मोबाईलवर टायमर, बारा मिनिटं काम आणि पाच मिनिटं थांबा, रंग कितीही चढलेला असो. तिसरं जरा गमतीचं वाटेल, सगळं मस्त चालू असतानाही मी मधेच उगाच थांबवते, बिट काढते, पाणी देते, पुन्हा सुरू. दहा वेळा विनाकारण थांबलं की अकराव्यांदा कारणाने थांबताना कोणाला रसभंग केल्यासारखं वाटत नाही. तुमच्या घरी पहिल्या महिन्यात बाकी काही नाही केलंत तरी चालेल, हे तेवढं करा, साध्या ट्रॅक पँट-टीशर्टवर, हातात एक ओढणी लगाम म्हणून.

माथेरानला गेलात तर दस्तुरी नाक्यावर घोडेवाल्यांकडे पाच मिनिटं उभं राहून बघा. चांगला घोडेवाला गिऱ्हाईक चढवायच्या आधी तंगाखाली, म्हणजे खोगिराच्या पोटाखालच्या पट्ट्याखाली, बोटं सरकवून बघतो, थोडं चालवल्यावर पुन्हा बघतो. घोडं तक्रार करणार नाही हे त्याला पक्कं माहीत असतं. भरवसा भरवसा म्हणतात तो असा बोटांनी तपासायचा असतो.

आता पाठीवर बसणं. नाही. तुमच्या आकड्यांना तर अजिबातच नाही. खरा घोडा साडेचारशे-पाचशे किलोचा असतो आणि त्याच्यावरही स्वार आणि खोगीर मिळून त्याच्या वजनाच्या साधारण २० टक्क्यांच्या आत ठेवा असं घोड्यांची माणसं सांगतात. ५४ किलोचे २० टक्के म्हणजे अकरा किलो. तुम्ही ८२. आपल्या सरकारने २०२० च्या दप्तर धोरणात पोरांच्या पाठीवर वजनाच्या १० टक्क्यांपेक्षा जास्त ओझं नको म्हटलंय, आणि तुम्ही तिच्या वजनाच्या दीडपट ओझं होऊन तिच्यावर बसणार! माणसाचा कणा उभा भार पेलायला बनलाय, रांगताना तो पुलासारखा आडवा होतो आणि मधोमध ओझं पडलं की सगळं कमरेच्या मणक्यांवर येतं, शिवाय मनगटं आणि गुडघ्याच्या वाट्या टाइल्सवर दाबल्या जातात ते वेगळंच. लहानपणी बाबा घोडा घोडा करायचे तेव्हा आपण बारा-पंधरा किलोचे होतो. हौसच असेल तर तिच्या दोन्ही बाजूंना पाय रोवून उभे राहा, पूर्ण वजन तुमच्या तळपायावर, बसल्याचा नुसता आभास, खाली जाड मॅट, दोन मिनिटं. तेवढ्यात फोटोसारखं चित्र मिळतं आणि कोणाची डिस्क सरकत नाही. आणि पूर्वी कधी कंबर धरण्याचा त्रास झाला असेल तर तेही नको.

गाडी ओढणं त्यामानाने बरंच सोपं आहे, लोकांना उलट वाटतं. सायकलची हवा भरलेली चाकं, चांगलं बेअरिंग, सपाट टणक जमीन, तुम्ही आणि गाडी मिळून शंभर किलो धरा, तरी एकदा गाडी सुरू झाली की ओढायला साधारण एक-दीड किलोचाच जोर लागतो. पण तीच जमीन शंभर फुटाला पाच फूट चढली की त्यात पाच किलोची भर पडते, म्हणजे डोळ्यांना जेमतेम दिसणाऱ्या चढावर काम चौपट-पाचपट. हिरवळीवर, मातीत, वाळूत तसंच. माझी तेव्हाची चूक हीच, मी फेऱ्या मोजत होते आणि जमीन मोजलीच नव्हती. उतार तर चढापेक्षा वाईट, कारण मागची गाडी आता तिला ढकलते, ती धावायला लागते आणि हात बांधलेले असतील तर तोंडावरच पडते. म्हणून गाडीला ब्रेक हवा आणि तो तुमच्या हातात हवा, सायकलचा साधा ब्रेक चालतो. आमची गाडी रबाळे एमआयडीसीत एका फॅब्रिकेटरकडून करून घेतली, त्याला सांगितलं नाटकासाठी रथ हवाय. त्याने विचारलं बैल की घोडा, मी म्हटलं घोडा, तो म्हणाला मग दांड्या वर घ्याव्या लागतील. बरोबर होता तो.

जोर कुठून जातो ते महत्त्वाचं. ओढ कमरेच्या हाडावरून घ्यायची, ट्रेकिंगच्या मोठ्या सॅकला जो जाड हिप बेल्ट असतो ना, तो जिथे बसतो तिथे. खांद्यांवरचे पट्टे फक्त कमरेचा पट्टा जागेवर ठेवायला. गळ्यातल्या पट्ट्याला ओढणारी कुठलीही गोष्ट जोडायची नाही, गाडी नाही, लगाम नाही, शोभेची साखळीसुद्धा नाही, एक ठेच लागली की पूर्ण झटका मानेला बसतो. पोट आवळणारं कॉर्सेट घालून गाडी ओढू नये, छाती-पोट फुगायला जागा नाही तर श्वास येणार कुठून. पट्ट्याखाली दोन बोटं सहज गेली पाहिजेत आणि दहा मिनिटांनी पुन्हा गेली पाहिजेत, घामाने चामडं ओलं झालं की पट्टा सरकतो आणि दुसरीकडे काचतो.

तोंडातल्या बिटबद्दल जरा जास्त लिहिते कारण इथे लोक घोडचूक करतात, ऑनलाइन खऱ्या घोड्याचं लोखंडी बिट मागवतात. घोड्याच्या जबड्यात पुढचे दात आणि दाढा यांच्यामध्ये रिकामी जागा असते, बिट त्या हिरडीवर बसतं, दातांवर नाही. आपल्याला ती फटच नाही. लोखंड थेट दातांवर आपटतं, टवका उडाला की पुढे कॅप, रूट कॅनल, आणि डेंटिस्टला काय सांगणार? दुसरा फरक याहून मोठा. घोडा फक्त नाकाने श्वास घेतो, तोंडाने त्याला घेताच येत नाही, म्हणून तोंडात काही असलं तरी तो भरधाव पळू शकतो. आपण दमलो की तोंड उघडतो. म्हणजे ज्या क्षणी तिला हवा सगळ्यात जास्त लागणार नेमकी तेव्हाच तुम्ही तिच्या तोंडात दांडी अडकवलेली असणार. सिलिकॉन किंवा रबराचं, बोटाच्या जाडीचं, ज्याच्या वरून खालून हवा जाते असं घ्या, पहिल्यांदा पाच ते दहा मिनिटं, तेही नुसतं चालताना. गाडी ओढायची असेल तर बिट काढूनच, निदान पहिले सहा महिने. सर्दी झालीय, नाक चोंदलंय, दमा आहे, तर नकोच. जबड्याच्या सांध्यात कट कट आवाज येत असेल तर नको. लाळ गळणार, ती गळतेच, एक रुमाल खिशात ठेवा आणि त्यावरून चिडवू नका, सुरुवातीला माणूस त्यानेच जास्त अवघडतो.

लगामाच्या दोऱ्या बिटला जोडू नका. खांद्याच्या पट्ट्यांना जोडा, डावी ओढली की डावा खांदा कळतो, तेवढं पुरे. नवीन माणूस वळवताना नकळत जोरात ओढतो, मीही ओढायचे, आणि तो झटका जबड्यातून मानेत जातो.

झापडं दिसायला छान, पण घोड्याचे डोळे डोक्याच्या दोन बाजूंना, त्याला जवळजवळ मागपर्यंत दिसतं म्हणून त्याला झापडं. आपले डोळे समोर, आपल्याला आधीच कमी दिसतं, त्यात झापडं लावली की पायाखालचा पाइप आणि बाजूचा खांब दोन्ही गायब. लावायची तर तुम्ही शेजारून चालायचं आणि तिच्या डोळ्यांचं काम तुम्ही करायचं. हात मागे बांधणं असंच, पडताना माणूस हात पुढे टाकतो आणि ते हातच नसतील तर आधी हनुवटी टेकते. सुरुवातीला हात मोकळे, गाडीच्या दांड्या धरलेल्या, बस. पुढे कधी बांधलेत तर फक्त उभं किंवा चालताना, पळताना नाही, आणि बोटांना मुंग्या आल्या, बधिर झाली, गार पडली की लगेच सोडा. सोडल्यावरही मनगट वर उचलता येत नसेल तर मज्जातंतू दबलाय, डॉक्टरकडे जा, सकाळपर्यंत वाट बघू नका. बांधलेल्या माणसाला एकटं सोडून बेल वाजली म्हणून दार उघडायला जायचं नाही, स्विगीवाला थांबेल.

खुरांसारखे उंच बूट तिने इन्स्टाग्रामवर बघितले असतील. चवड्यावर चालायचे असतात ते, पोटऱ्या आणि टाचेच्या वरची शीर इतक्या ताणावर राहायला महिने लागतात. आधी साधे स्पोर्ट्स शूज, रोज जिन्याच्या पायरीवर टाचा वर-खाली पंधरा वेळा, तीन सेट, दोन-तीन महिने. मग घरात मॅटवर, मग पाच मिनिटं. गाडी आणि खुराचे बूट एकत्र नकोत.

दमछाक मोजायची कशी? जिममध्ये मी सांगते की बोलता येतंय तोवर ठीक. इथे तोंडच बंद. म्हणून नाडी. थांब्याला मनगटावर तीन बोटं ठेवा, पंधरा सेकंद मोजा, चारने गुणा. २२० मधून वय वजा केलं की ढोबळ वरची मर्यादा मिळते, तिशीत १९०, त्याच्या ७० टक्क्यांच्या आसपास म्हणजे १३०-१३५ च्या पुढे नवशिक्याने जाऊ नये. त्याहून माझ्या उपयोगाची गोष्ट म्हणजे थांबल्यावर एका मिनिटाने पुन्हा मोजणं. छान उतरली तर पुढे चला, एका मिनिटात १२-१५ नेसुद्धा उतरली नाही तर त्या दिवसाचं काम तिथेच संपलं, घासाघीस नाही. बीपीच्या काही गोळ्यांनी नाडी मुळातच कमी राहते, तेव्हा हे गणित चालत नाही, म्हणून कोणती औषधं चालू आहेत ते आधी बोला. दमा, गुडघे, चक्कर, फिट, गरोदरपणाची शंका, सगळं जेवणाच्या टेबलावर, कपडे आणि पट्टे कपाटात असतानाच बोलायचं. आणि दारू आदल्या रात्रीचीसुद्धा नको, ओढणाऱ्यानेही नाही आणि धरणाऱ्यानेही नाही.

आपल्याकडची हवा हा वेगळा शत्रू आहे. घाम आला म्हणजे शरीर गार होत नाही, घाम वाळला की होतं, आणि खारघर काय ठाणे काय, मे महिन्यात घाम वाळतो कुठे? तुमच्याच खारघरला १६ एप्रिल २०२३ ला मैदानातल्या कार्यक्रमात उन्हाने माणसं गेली, ती नुसती बसलेली होती. मार्च ते जून बाहेर काही करू नका, करायचंच तर सकाळी साडेआठच्या आत आटपा. नोव्हेंबर ते फेब्रुवारी हा आपला सीझन. दर पंधरा मिनिटांनी बिट काढून चार-पाच घोट पाणी, तहान लागो न लागो. ओआरएसची पाकिटं पिशवीत, नाही मिळाली तर एक लिटर पाण्यात सहा सपाट चहाचे चमचे साखर आणि अर्धा चमचा मीठ. चक्कर, मळमळ, डोकं ठणकणं, गार चिकट कातडी, उन्हात अंगावर काटा, पायात गोळे, यातलं एक जरी दिसलं तरी बंद, सावली, ओलं फडकं, पंखा. आणि ती असंबद्ध बोलायला लागली, नाव-गाव नीट सांगता येईना, तोल सावरता येईना, तर तो उष्माघात समजायचा, घाम येत असला तरीही. १०८ ला फोन, तोवर अंगावर गार पाणी ओतत राहायचं, शुद्ध नसेल तर तोंडात पाणी घालायचं नाही. दुसऱ्या दिवशी लघवी चहाच्या रंगाची झाली तर स्नायू तुटलेत, सरळ हॉस्पिटल. डॉक्टरला फार व्यायाम झाला, वजन ओढलं एवढं सांगितलं तरी पुरतं, ते खरंच आहे.

पट्टे कापायची बोथट टोकाची कात्री, मेडिकलवाल्याकडे बँडेज कापायची म्हणून मिळते, ती हार्नेसच्या आधी घ्यायची. माझी माझ्या कमरेलाच असते.

जागेचं. सेंट्रल पार्क, पाम बीच रोडचा कडेचा भाग, येऊरचा जंगलरस्ता, रात्री कोण बघतंय, असले विचार डोक्यातून काढा. येऊर राष्ट्रीय उद्यानाच्या हद्दीत आहे, तिथे बिबटे आहेत, आणि मुख्य म्हणजे रस्त्यावरच्या माणसाला तुम्ही विचारलेलं नाही, त्याची हो कुठाय? सार्वजनिक ठिकाणी अश्लील वाटेल असं काही केलं तर भारतीय न्याय संहितेचं कलम २९६ आहेच. त्याच संहितेचं, १ जुलै २०२४ पासून लागू झालेली ही, कलम २५ असं सांगतं की १८ वर्षांवरच्या माणसाच्या संमतीने केलेल्या गोष्टीतून इजा झाली तर तो गुन्हा नाही, पण मृत्यू किंवा गंभीर दुखापत होऊ शकते हे माहीत असेल तर संमतीचं कवच नाही. आणि भीतीपोटी किंवा नशेत दिलेली हो ही हो नव्हे, ते कलम २८. मी वकील नाही, पण एवढं दोघांनी वाचून ठेवा. फोटोंचं असं की आम्ही काढतच नाही. काढले तर तिच्या फोनमध्ये, तिच्या मर्जीने, चेहऱ्याविना, आणि क्लाउड बॅकअप बंद.

नववा मजला जमतो. धावताना प्रत्येक पावलाला जमिनीवर वजनाच्या दोन-अडीचपट दणका बसतो, खालच्या काकू सोसायटीच्या ग्रुपवर लिहिणारच, म्हणून फ्लॅटमध्ये धावणं नाही, संथ उंच पावलं, गुडघा कमरेपर्यंत, पाऊल अलगद ठेवायचं. दिसायला तेच जास्त रुबाबदार दिसतं आणि दमछाकही भरपूर होते, करून बघा, सलग चार मिनिटं. खाली जिममधल्या रबरी मॅट्स, पडदे ओढलेले, पंखा फुल, रात्री दहाच्या आत.

एक राहिलं, संपवायचं कसं. लोक पट्टे काढतात आणि मोबाईल बघायला लागतात. पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळण असते ना, बैलांचे खांदे हळद-लोण्याने मळतात, वर्षभर जू वाहिलेले असतात म्हणून. आमच्याकडे ती दर वेळी असते. आधी बिट निघतं, मग मी त्याला त्याच्या खऱ्या नावाने हाक मारते (खेळातलं नाव इथे लिहीत नाही, ते आमचं आमच्यात), मग पट्टे, मग कोमट पाण्याने खांदे, कंबर, पोटऱ्या पुसायच्या, कुठे लाल झालंय ते बघायचं, तेल, केळं, चहा. अर्धा तास कोणी काही विचारायचं नाही. काय आवडलं काय नाही ते दुसऱ्या दिवशी, कारण लगेच विचारलं की सगळं छानच होतं असं उत्तर येतं. कधी कधी दुसऱ्या दिवशी पोनीला उगाच रडू येतं, चिडचिड होते, शरीर उतरतं तसं मनही उतरतं, घाबरू नका, जवळ बसा. आणि तुम्हालाही होईल ते, हँडलरला होत नाही असं काही नाही, मुरबाडनंतर मी दोन महिने लगाम हातात धरला नव्हता.

घरातलं भांडण यात आणायचं नाही हे सांगायला हवं का? आणू नका. कामवाल्या ताईंवरून वाजलं असेल तर त्या दिवशी तिला घोडा करायचं नाही.

गाडीचं माप मी सांगते, पण आत्ता नाही, आधी तो टकटक आणि पाय आपटण्याचा महिना होऊ दे. नंतर तिच्या कमरेच्या हाडापासून जमिनीपर्यंतचं अंतर सेंटीमीटरमध्ये मोजून कळवा, जे बूट घालून ओढणार आहे ते घालून, आणि टेप तिने धरायची नाही, वाकलं की माप चुकतं, तुम्ही धरा.